भारंबे सरांचं शवासन

“आणि माशी बसली तर?”

“बसू दे, बाबा. पापणी हलत नाही माझी.”

गोसावीबाबांना हे सांगतानाही भारंबे सरांची मान हलली नाही. रिटायर झालेले ड्रिलमास्तर ते. आयुष्यभर पोरांना ‘सावधान’ म्हणाले, आता स्वतःच सावधान झालेत. योगानं त्यांचं बीपी उतरलं, साखर उतरली, पोट उतरलं. नाक तेवढं वर चढलं.

तापीकाठच्या आमच्या मठात ते कामानंच आले होते. त्यांना गावात योगाचा वर्ग काढायचा होता, आणि आमच्या गोसावीबाबांनी ‘काढ’ म्हटल्याशिवाय या भागात कुणी वर्ग काढत नाही.

सोबत बायको होती, इंदूबाई. उजव्या मनगटावर हळदीचा लेप, वरून जुन्या धोतराची पट्टी.

“पक्कं आसन कोणतं तुझं?” बाबांनी विचारलं.

“शवासन.”

मला हसू आलं. निपचित पडायचं ते मलाही जमतं. बाबांच्या प्रवचनात तर फारच छान जमतं.

“हसू नका,” सर मला म्हणाले. “परवा मी शवासनात होतो आणि ही स्वयंपाकघरात स्टुलावरून पडली. डबे गडगडत माझ्यापर्यंत आले. पण मी हललो नाही. वेळ पूर्ण केली, मगच उठलो.”

बाबांनी इंदूबाईंच्या पट्टीकडे बघितलं.

“लागलं का गं माय?”

इंदूबाईंनी तोंड उघडायच्या आत सरच बोलले. “छे हो. लागलं असतं तर ओरडली नसती का? हात जरा मुरगळलाय, एवढंच.”

“हं. झोप इथं. दाखव.”

सर ओसरीवर आडवे झाले. बाबांनी माझ्याकडे बघून नुसती भुवई उचलली. असली कामं मला दोनदा सांगावी लागत नाहीत.

मी मोरपिसानं त्यांच्या तळपायाला गुदगुल्या केल्या. काही नाही. पोटावर माठातलं गार पाणी शिंपडलं. काही नाही. शेवटी मठाची मांजर आणून छातीवर ठेवली. तिनं सरांच्या मिशा हुंगल्या, एक जांभई दिली आणि तिथंच अंग मुडपून झोपली.

सर जसेच्या तसे. खरं सांगतो, मनातल्या मनात मी हात जोडले.

बाबांनी मला बाजूला व्हायला सांगितलं आणि ते इंदूबाईंकडे वळले.

“पडलीस तेव्हा काय केलंस, माय?”

“काय करणार…” त्यांनी आडव्या सरांकडे बघितलं. “पदराचा बोळा तोंडात धरला.”

“का?”

“ओरडले असते तर यांचं आसन मोडलं असतं ना.”

“मोडलं असतं तर?”

“तसं नाही, बाबा. मागं यांच्या छातीत दुखलं होतं. तेव्हापासून हे असे पडले की मी दारातून यांचं पोट बघत बसते. वर-खाली होतंय ना, एवढंच. होत असलं की मग चहा ठेवते. त्या दिवशी इतके शांत दिसत होते… म्हटलं, आपल्यापायी कशाला उठवायचं.”



मग मांजर धपकन खाली पडली.

सर रांगतच इंदूबाईंपाशी पोहोचले होते. एक गुडघा टेकलेला, दुसरा वर, पाठीला पोक. असलं आसन कुठल्या पुस्तकात असेल असं मला वाटत नाही. त्यांनी ते पिवळं मनगट दोन्ही हातांत घेतलं.

“सांगायचं नाहीस का गं?”

“तुम्ही विचारलंत कुठं?” इंदूबाई म्हणाल्या, आणि डाव्या हातानं त्यांच्या सदऱ्यावरचे मांजरीचे केस वेचू लागल्या.



मग सरांना आपण कुठं आहोत ते आठवलं. तोंड एवढंसं झालं.

“मोडलं, बाबा. तुमच्यासमोरच मोडलं. पुन्हा करून दाखवतो.”

मनगट सोडून ते परत आडवे व्हायला निघाले.

बाबांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि त्यांना होते तिथंच दाबून बसवलं.

“आता हलू नकोस.”