मोकळ्या घटकेची कहाणी

ऐका सूर्यनारायणा, तुमची कहाणी. आटपाट नगर होतं, त्याला दोन आळ्या होत्या. वरच्या आळीत घटीकर राहत. त्यांच्याकडे तळाला भोक असलेली तांब्याची वाटी होती. ती पाण्यावर ठेवावी, भरून बुडाली की एक घटका झाली. भोकाला मेण लावलं, की वाटी बुडत नसे, अन् वरच्या आळीतला दिवस जागच्या जागी थांबे. खालच्या आळीत सावलीकर राहत. त्यांच्या अंगणात एक काठी रोवलेली होती. काठी कलवली, की सावली पळे, अन् खालच्या आळीतला दिवस तिच्यामागं पळे.

म्हणून वाडवडिलांनी नेम घातला होता. दर आदितवारी दोन्ही घरांनी एकत्र बसावं. मेण लावू नये, काठी कलवू नये, हात जोडून एक घटका मोकळी सोडावी. त्या घटकेत दोन्ही आळ्यांचे दिवस जुळून येत.

पुढं घटीकरांची येसू सावलीकरांच्या घरी दिली. मुहूर्ताला घटीकर म्हणाले, "वाटी बुडाली, टाका अक्षता." सावलीकर म्हणाले, "थांबा, सावली अजून खुणेच्या दगडाला लागली नाही." अर्ध्या मांडवानं तेव्हा अक्षता टाकल्या, अर्ध्यानं मागाहून. तंटा झाला, बोलणं तुटलं, आदितवारचा नेम सुटला. मग काय झालं? वर आषाढ, तर खाली दिवाळी. वरची बाई हळदीकुंकवाला खाली यायची, तो हळदीकुंकू होऊन महिना झालेला.

येसूला मुलगी झाली. नाव चिमा ठेवलं. चिमा फार रडे. सासू म्हणाली, "कलवू का गं काठी? चार दिवसांत चालायला लागेल." येसू म्हणाली, "कलवा, सासूबाई. माझे हात तरी मोकळे होतील." सासूनं काठी कलवली. तोच दारी एक म्हातारी आली. "बाई बाई, लेकीला घेऊन एक घटका बस. पुढं ढकलू नको, मागं ओढू नको." येसू म्हणाली, "तुला उद्योग नाही, म्हातारे. मला ढीगभर पडलाय."

चिमा चालू लागली, घरभर सांडलवंड करू लागली. येसू म्हणाली, "सासूबाई, हाताशी येऊ दे." पुन्हा काठी कलली. पुन्हा म्हातारी आली, पुन्हा उभ्या उभ्या परत गेली. चिमा हाताशी आली, तिच्या लग्नाचा घोर लागला. तिसऱ्यांदा काठी कलली. तेव्हा म्हातारी दारात नुसती उभी राहिली.

लग्न ठरलं. रुखवताला येसूनं पेटी उघडली. तळाशी चिमाची तीन झबली निघाली. त्यांतल्या दोहोंची घडीसुद्धा मोडली नव्हती. येसू तशीच उठली अन् माहेरी आईला सांगायला निघाली.

वर जाऊन बघते, तर तिथं अजून चिमाच्या बारशाचाच दिवस. आई अंथरुणावर, श्वास घशाशी आलेला. बापानं वाटीला मेण लावलेलं. बाप म्हणाला, "वाटी बुडाली की ही जाईल. मी मेण काढायचा नाही."

आई म्हणाली, "येसू, यांना सांग गं. मला झोप आलीय, हे झोपू देत नाहीत."

बाप म्हणाला, "तुझ्या सासूनं दिवस पळवले, ते दिसत नाही. मी एक धरून ठेवला, तर दोष माझा?"

येसू म्हणाली, "आप्पा, त्यांनी माझ्या सांगण्यावरून पळवले. दोष माझा आहे."

येसू धावत खाली गेली, सासूला घेऊन आली. सासूनं विहिणीकडं पाहिलं, तिच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाली, "विहीणबाई, एवढी वर्षं एकच दिवस?" मग बापाकडं वळली. "व्याही, तुम्ही मेण काढा. मी काठी सरळ करून आले आहे."

तो आदितवार होता. बापानं नखानं मेण खरवडलं. बापानं नखानं मेण खरवडलं. वाटी भरत गेली, बुडाली. आईनं डोळे मिटले. दोन्ही आळ्यांचे दिवस जुळले, तंटा मिटला.

म्हातारी दारात होतीच. येसूनं ओळखलं, हा सूर्यनारायण. पाय धरले. "देवा, माझ्या लेकीचं लहानपण?"

देव म्हणाला, "ते सरलं, बाई. ते माझ्याही हाती नाही."

सासरी गेलेल्या लेकीला आईचं तीन दिवसांचं सुतक. लग्न तीन दिवस पुढं गेलं. येसूला कशालाही हात लावायचा नव्हता. ती चिमाजवळ बसली. चिमा म्हणाली, "आई, काय हवंय?" येसू म्हणाली, "काही नाही. बस इथं."

सासू हळूच म्हणाली, "वऱ्हाड खोळंबलंय. कलवू का, चटकन सरतील तीन दिवस?"

येसू म्हणाली, "नको, सासूबाई. एवढेच आहेत."

येसूला सूर्यनारायण उशिरा पावला, तुम्हांआम्हांला वेळेवर पावो. साठां उत्तरांची ही कहाणी पांचा उत्तरांत सांगितली, ऐकणारीच्या पदरी सुफळ होवो.