खिळ्यावरची चायना

“मग चायना मारायची तरी कुठं, मास्तर?”

सत्यजितने चिडूनच विचारले. मिरजेत, दर्ग्यामागच्या खोलीत, भर दुपारी तो ड्रमसेटवर घाम गाळत बसला होता. समोर याकूब मास्तर.

मास्तरांनी चाळीस वर्षे ऑर्केस्ट्रात ड्रम वाजवले. आता मनगट साथ देत नव्हते. उद्या उरुसाच्या कार्यक्रमात त्यांच्या जागी कोण बसणार, हे आज ठरायचे होते. सत्यजित, नाहीतर कोल्हापूरहून दुसरा कुणी.

पोराचा हात चांगला होता. अडचण एवढीच, की ते त्याला ठाऊक होते.

चायना म्हणजे सेटच्या उजव्या टोकाला उलटी लावलेली काशाची चिनी थाळी. कड वळलेली, मधला फुगवटा डब्यासारखा. तिच्यावर काठी पडली की भांड्यांची फळी कोसळल्यासारखा आवाज होतो आणि लगेच विझतो. सत्यजित ती दर दोन ओळींना कोसळवायचा. लोक वळून बघायचे ना.

“ती बरोबर जागी वाजली की मी मान हलवीन,” मास्तरांनी पहिल्याच दिवशी सांगितले होते. “मान हलली की ही बैठक तुझी.”

त्याला तीन वर्षे झाली. मान हलली नव्हती.

“सांगा तरी. शेवटच्या कडव्याआधी? का नंतर?”

मास्तर उठले. स्टँडचा नट सोडवून त्यांनी चायना काढली. सत्यजितच्या पाठीमागे, हात पुरणार नाही अशा खिळ्याला ती दोरीने टांगली.

“ही माझ्या उस्तादांची,” ते म्हणाले. “हेच गाणं वाजवताना ते गेले. काठी हिच्यावर उगारलेली होती... खाली आलीच नाही.”

सत्यजित हसला. “घाबरवताय होय मला?”

“नाही. वाजव.”

त्यांनी पंखा बंद केला, दाराला कडी घातली आणि समोर येऊन बसले. दोन्ही हात मांडीवर.

सत्यजितने गाणे धरले. पहिल्या कडव्याला त्याचा उजवा हात सवयीने उठला आणि रिकाम्या स्टँडवरून फिरून परत आला. दुसऱ्यालाही तेच.

मग हात उठेनासा झाला. शेवटचे कडवे आले तेव्हा तो चायना विसरला होता. उद्याचा कार्यक्रमही विसरला होता.

तेवढ्यात मागे थाळीवर काठी पडली.

एकच घाव. फळी कोसळली आणि विझली.

मास्तरांनी मान हलवली.

सत्यजितचे हात जागीच थांबले. मास्तरांचे हात मांडीवर होते. कडी लागलेली होती. खोलीत तिसरे कुणी नव्हते.

बैठक आपली झाली, हे त्याला कळले. पण आनंद होईना. त्याला भीती वाटत होती, आणि ती लपवण्याइतकाही तोरा आता उरला नव्हता.

तो हळूच वळला. खिळ्यावर थाळी हलत होती... मग तीही थांबली.

“मास्तर...”

“हं.”

“मी मारली नाही.”

मास्तरांनी थाळीकडे बघितले.

“तीन वर्षांत आज पहिल्यांदा.”