बयजाची हाक

ही गोष्ट फार जुनी. इतकी जुनी, की तेव्हा डोंगरांना कोणी नावं दिली नव्हती आणि ठेवलीही नव्हती.

अशाच एका डोंगराच्या पोटात नादखडा सापडे. दिसायला तुरटीसारखा, पण ताजा खडा तोंडाजवळ धरून काही बोललं, की ते बोलणं तो धरून ठेवी आणि त्याच आवाजात पुन्हा पुन्हा म्हणत राही. दूरदेशी निघालेली माणसं आईची अंगाई अशा खड्यात भरून कमरेला बांधून नेत. खडा ओल्या फडक्यात गुंडाळला, की गप्प बसे.

हे खडे खणणारी एक जमात होती. लोक त्यांना नादखणे म्हणत. खाणीत नादखणा तोंडातून चकार शब्द काढत नसे, कारण रागाच्या भरात हासडलेली शिवीसुद्धा खड्यात जायची आणि थेट राजाच्या महालात उमटायची! आत सगळा कारभार हातांनी चाले. खांद्यावर एक थाप म्हणजे थांब, पाठीवर दोन थापा म्हणजे पळ.

बोलायचा मान एकटीचाच. खाणीच्या तोंडाशी राखणदारीण बसे आणि कपारीला कान लावून डोंगराची कुरकुर ऐके. डोंगर शांत असला, की थोड्या थोड्या वेळाने ती आत हाक घाली, "खुशाऽल!" कुरकुर वाढली, की ओरडे, "उठाऽ!" हाक बंद पडली तरी लोक कुदळी टाकून बाहेर येत. राखणदारिणीने जागा सोडायची नाही आणि आत पाऊलही टाकायचं नाही, असा रिवाज होता.

त्या काळी राखणदारीण होती बयजा. सगळ्या जमातीचा जीव तिच्या कानावर आणि गळ्यावर टांगलेला. तिची लेक गोजरासुद्धा खाणीच्या पार टोकाच्या बिळात खणत असे. बयजाची हाक आजवर कधी चुकली नव्हती, आणि हे तिला स्वतःला जरा जास्तच ठाऊक होतं.

एके दिवशी डोंगराच्या पायथ्याने राजकन्येच्या लग्नाची मिरवणूक निघाली. सनई-चौघडे वरपर्यंत ऐकू येत होते. खाणीत नसलेल्या झाडून सगळ्या बायका बघायला गेल्या. बयजा मात्र कपारीला चिकटलेली.

"साऱ्या जगाने हत्ती बघायचे आणि मी काय ही भिंत बघायची?" ती पुटपुटली.

डोंगर सकाळपासून अगदी चिडीचूप होता. अडचण एकच. हाक थांबली, तर सगळे बाहेर येणार आणि हिचं बिंग फुटणार. शेवटी तिने टोपलीतला एक ताजा खडा घेतला, फडकं सोडलं आणि खडा ओठांशी नेऊन म्हणाली, "खुशाऽल!" मग तो खाणीच्या तोंडाशी ठेवून दिला. खडा तिच्याच गोड आवाजात हाका घालू लागला.

बोलता खडा खाणीजवळ आणायचा नाही, हे जमातीतलं शेंबडं पोरही जाणत होतं. माणसाचा आवाज खड्याला लागायला तोंड जवळ न्यावं लागतं. पण खड्याचा आवाज खड्याला नुसता ऐकून लागतो, मग तो टोपलीत असो नाहीतर भिंतीत. 'एवढ्याशाने काय होतंय,' असं मनाशी म्हणत बयजा उतरणीला लागली.

तिने हत्ती पाहिले, डोळे भरून पाहिले. वर परतताना मात्र तिच्या पायाखालची जमीन थरथरली. हत्तींमुळे असेल, अशी तिने मनाची समजूत घातली. पण हत्ती तर केव्हाच दूर गेले होते. ती धावत सुटली. कपारीला कान लावला, तर आत डोंगर कण्हत होता.

"उठाऽ! उठाऽ!" बयजा जिवाच्या आकांताने ओरडली.

"खुशाऽल," आतून उत्तर आलं.

तिने तोंडाशी ठेवलेला खडा दगडाने फोडला. तरीही आतून तिचाच आवाज येत राहिला. एका भिंतीकडून दुसरीकडे, दुसरीकडून तिसरीकडे हाक पसरली होती. शेकडो खडे शांतपणे सांगत होते, "खुशाऽल, खुशाऽल," आणि त्यात तिची खरी हाक बुडून गेली.

डोंगर कुठल्या क्षणी बसेल, त्याचा नेम नव्हता. तिला भयंकर भीती वाटत होती. पण आत गोजरा होती, आत सगळे होते. बयजा आत शिरली.

पहिल्या माणसाच्या पाठीवर तिने दोन थापा मारल्या. तो वळला. राखणदारीण आत आलेली त्याने जन्मात पाहिली नव्हती. तो जे समजायचं ते समजला आणि पळाला. दुसरा पळाला, तिसरी पळाली. वरून माती गळू लागली. बयजा सरपटत टोकाच्या बिळात पोहोचली आणि तिने लेकीच्या पाठीवर थापा मारल्या. गोजरा दचकून वळली. रिवाज विसरून तिच्या तोंडून शब्द निघाले.

"आई? अगं, तू तर खुशाल म्हणतेयस!"

"ती मी नव्हे!" बयजा किंचाळली. मग तिने लेकीचा हात धरला. "मीच गं ती. खोटं बोलतेय मी. ऊठ, पळ!"

दोघी बाहेर पडल्या आणि मागे डोंगर बसला. माणूस एकही गेला नाही. ढिगाऱ्याखालून मात्र मंद आवाज येतच राहिला, "खुशाऽल."

बयजाला कोणी रागावलं नाही. तेच तिला जास्त लागलं. पलीकडच्या अंगाला नवी खाण उघडली, बयजा पुन्हा कपारीशी बसली आणि तिने हाक घातली. आत एकही कुदळ उठली नाही. जमातीचा म्हातारा बाहेर येऊन तिच्यापुढे बसला.

"बयजा, गळा तुझा तोच आहे गं," तो म्हणाला. "पण त्यातली खरी हाक कोणती, हे आता आम्ही ओळखायचं कसं?"

ती उठली, गोजराला आपल्या जागी बसवलं, तिची कुदळ घेतली आणि आत गेली.

अंधारात ती भिंतीसमोर उभी राहिली, पण हात काही वर उठेना. बाहेर गोजरा जागेवर असेल ना? तिचा कान कपारीला असेल ना? विचारायची सोय नव्हती. तेवढ्यात हाक आली, "खुशाऽल!" जन्मभर बयजाने ही हाक घातली होती. ती ऐकणाऱ्याला काय वाटतं, हे तिला आज कळलं. तिने डोळे पुसले आणि पहिला घाव घातला.

बोध: ज्या शब्दावर दुसऱ्याचा जीव विसंबलेला असतो, तो शब्द दर वेळी स्वतः जागं राहूनच द्यावा लागतो.