पहारेकरी आणि अर्धी चादर

विणकरांचं एक गाव होतं. तिथं अंबादास आणि यादगिरी हे दोघे भाऊ राहत. अंबादास थोरला. तो कॉम्प्युटरवर चादरींची नक्षी काढायचा. यादगिरी धाकटा. तो ती नक्षी मागावर विणायचा. थोरला एका जागी बसून दिवसभर नक्षीच्या चौकटी भरायचा. धाकट्याला बसणं माहीतच नव्हतं. शाळेतून तो चौथीतच पळून आला होता. मागावर धागा तुटला की तो धाग्यालाच शिवी हासडायचा.

नक्षी मागाला द्यायची तर एक प्रोग्राम लागतो. अंबादासनं तो बाजारातून आणला नव्हता. पाच वर्षं खपून स्वतः तयार केला होता. साऱ्या जगात तो एकाच कॉम्प्युटरवर चालायचा, त्यांच्या घरातल्या.

एकदा अंबादासनं एक वेगळी चादर मागावर घेतली. "ही विकायची नाही," एवढंच म्हणाला. यादगिरी विणू लागला. खालून आधी पावलं आली. मोठी, चपला घातलेली दोन पावलं. आणि त्या पावलांवर उभी असलेली दोन लहान, अनवाणी पावलं.

यादगिरीनं माग थांबवला. लहानपणी डांबर तापलं की अण्णा, म्हणजे अंबादास, त्याला असंच आपल्या पावलांवर उभं करून रस्ता ओलांडायचा.

"अण्णा, हे आपण दोघं का?"

"विणत जा. वर चेहरे आले की कळेल."

"आत्ताच दाखव की."

"तुला दम म्हणून नाहीच बघ."

नक्षीचा खालचा अर्धा भाग मागाला देऊन झाला आणि घरातला जुना कॉम्प्युटर मध्येच बंद पडू लागला. अंबादासनं घाईघाईनं आपला प्रोग्राम आणि नक्षीचा वरचा अर्धा भाग एका फाईलीत बांधला आणि नेटवरच्या एका फुकटच्या जागेत ठेवून दिला. दुसऱ्या दिवशी जुना कॉम्प्युटर कायमचा गेला. अंबादासनं दुसरा आणला. त्यात आधी अँटिव्हायरस बसवला. बाहेरून येणाऱ्या फाईली तपासणारा तो पहारेकरी. एवढं केलं आणि त्याला ताप भरला.

अंथरुणातूनच त्यानं यादगिरीच्या फोनवर फाईलीचा पत्ता पाठवला. खाली लिहिलं, "ही जागा फाईल तीनदाच देते. सांभाळून उतरवून घे."

"उद्या बघतो," यादगिरी म्हणाला.

तापाच्या चौथ्या दिवशी अंबादास गेला.

त्या गावात एक रीत होती. विणकर गेला आणि त्याचं कापड मागावर अर्धं राहिलं, तर तेराव्याच्या आत घरच्या माणसानं ते पुरं करायचं. नाही झालं तर कात्रीनं कापून माग मोकळा करायचा. अर्धं कापड मागावर राहिलं तर गेलेल्याचा जीव ताण्यात, त्या उभ्या धाग्यांत, अडकून राहतो, असं तिथली माणसं मानत.

दहा दिवस यादगिरी भिंतीकडे तोंड करून पडून होता. अकराव्या दिवशी सकाळी वहिनी त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. तिचं नाव सुगुणा. तिच्या डोळ्यांतलं पाणी आटलं होतं.

"यादगिरी, ऊठ. दोन दिवस राहिले. त्यांची चादर पुरी कर."

तो उठला. कॉम्प्युटरसमोर बसला. फोनवरचा पत्ता वहिनीनं वाचून दाखवला, त्यानं एकेक अक्षर शोधून दाबलं. फाईल उतरू लागली. निळी पट्टी भरत गेली, भरली, आणि पडद्यावर लाल चौकट आली. फाईल दिसेना.

"काय म्हणतंय हे?"

वहिनी दहावीपर्यंत शिकलेली होती. तिनं सावकाश वाचलं. "फाईल धोकादायक आहे म्हणतंय. अडवली."

"कुणाची फाईल धोकादायक?"

"ह्यांची."

यादगिरीच्या कानशिलातली शीर उडू लागली. त्यानं पुन्हा बटण दाबलं. पुन्हा निळी पट्टी, पुन्हा लाल चौकट.

"माझ्या भावानं उभ्या जन्मात मुंगी मारली नाही," तो पडद्यावर ओरडला. "आणि तू त्याला दारातून हाकलतोस?"

"मशीनशी काय भांडतोस? सत्तारभाईंना विचारून ये."

सत्तारचाचा चौकात कॉम्प्युटर दुरुस्त करायचा. त्यानं सगळं ऐकून घेतलं. चष्मा कपाळावर सरकवला.

"बेटा, पहारेकऱ्याचं चुकलं. पण त्याच्या जागी उभा राहून बघ. तुझ्या अण्णाचा प्रोग्राम त्यानं जन्मात पाहिलेला नाही. चार लोकांनी वापरलेली वस्तू त्याला ओळखीची वाटते. ही एकट्या अंबादासनं वापरलेली. त्याला हे गाव ओळखतं, जग नाही ओळखत."

"मग गेली का फाईल?"

"कशाला जाईल? अडवलेली फाईल तो मारत नाही, कोठडीत ठेवतो. कोठडी उघडायची, हीच आपली फाईल ना ते तपासायचं, तेवढ्या एकीला आत घ्यायचं आणि पहारेकऱ्याला सांगायचं, ही आपली आहे, पुन्हा अडवू नकोस. पाच मिनिटांचं काम."

"चला मग."

"आज नाही जमत. दवाखान्यातलं मशीन उघडून बसलोय, तिथं रांग लागलीय. उद्या उजाडताच येतो. तोवर कशाला हात लावू नको. ऐकतोयस का? फाईल पुन्हा उतरवू नको. पहारेकऱ्याला हात लावू नको. तुला मी ओळखतो. तुला दम धरवत नाही."

"नाही लावत," यादगिरी म्हणाला. आणि त्या घटकेला तो खरंच बोलत होता.

घरी आला तर ओसरीवर गल्लीतले म्हातारे मल्लय्या बसले होते. मागाकडे बघून ते म्हणाले, "पोरा, अंबादास असता तर चादर कधीच उतरली असती. तुझ्याच्यानं व्हायचं नाही. कात्रीला धार लावून ठेव."

 मागावर कमरेपर्यंत आलेली ती दोन पोरं यादगिरीनं पाहिली. तो तडक आत गेला आणि कॉम्प्युटरसमोर बसला. वहिनी पाण्याला गेली होती. एकदाच बघू, म्हणून त्यानं बटण दाबलं. निळी पट्टी भरली. लाल चौकट आली.

मग त्याला दम निघाला नाही. हा पहारेकरीच नको, असं त्यानं ठरवलं. अण्णाला धोकादायक म्हणणारा या घरात नको. प्रोग्राम काढून टाकायचं बटण कुठं असतं, ते त्यानं अण्णाच्या मागे उभं राहून पाहिलेलं होतं. ते त्यानं दाबलं. पडद्यावर इंग्रजीत एक प्रश्न आला, दोन ओळींचा. तो वाचायला वहिनीची वाट बघावी लागली असती. डावीकडचं बटण म्हणजे 'हो', एवढं त्याला माहीत होतं. त्यानं 'हो' दाबलं. लाल चौकट नाहीशी झाली. पहारेकरी गेला. यादगिरीनं कितीतरी दिवसांनी मोकळा श्वास घेतला.

"आता ये अण्णा," तो म्हणाला. "दार सताड उघडं आहे."

त्यानं पुन्हा पत्ता टाकला. निळी पट्टी आलीच नाही. एक पांढरं पान आलं. वहिनी घागर घेऊन आली तोवर तो त्या पानाकडेच बघत होता. तिनं वाचलं. मग पुन्हा एकदा वाचलं.

"तीनदा देऊन झाली म्हणतंय. आता तिथं फाईल नाही."

दुसऱ्या दिवशी उजाडताच सत्तारचाचा आला. खुर्चीवर बसला आणि बराच वेळ शोधत राहिला.

"अँटिव्हायरस कुठं गेला?"

"काढून टाकला."

"काढताना काही विचारलं त्यानं?"

"विचारलं असेल. मी 'हो' म्हटलं."

सत्तारचाचानं चष्मा काढला आणि सदऱ्याच्या टोकानं पुसत राहिला. "बेटा, काढताना तो एकच विचारतो, कोठडीत अडवलेल्या फाईली आहेत, त्याही माझ्याबरोबर मिटवून टाकू का?"

यादगिरीनं त्याचे पाय धरले.

"परत आणा चाचा. काहीही करा."

चाचानं दुपारपर्यंत प्रयत्न केला. घरून दुसरी यंत्रं आणून पाहिली. शेवटी तो उठला. "काही तुकडे मिळाले. नक्षी नाही मिळाली." दारात जाऊन तो थांबला. त्याला बोलायचं नव्हतं, पण राहवलं नाही. "तो पहारेकरी दुष्ट नव्हता रे. तुझ्या अण्णानंच त्याला घरावर ठेवला होता. त्याच्या हातातच होती तुझी फाईल. एक दिवस थांबायचं होतंस."

यादगिरीनं त्या दिवशी कागदावर चेहरे काढून पाहिले. अण्णाचं नाक त्याला काढता येईना. स्वतःचं लहानपणचं तोंड तर त्याला आठवतच नव्हतं. अण्णानं ते कसं काढलं होतं, दोघं समोर बघत होते की एकमेकांकडे, हे सांगणारं आता कुणी उरलं नव्हतं.

तेराव्या दिवशी माणसं जमली. मल्लय्यांनी माग पाहिला आणि या वेळी मान खाली घातली. सुगुणानं कात्री यादगिरीच्या हातात दिली.

"वहिनी, तू काप. माझा हात नाही उचलत."

"विणताना उचलत होता, मोडताना उचलत होता," ती म्हणाली. तिचा आवाज चढला नाही. "कापतानाही उचल."

त्यानं कापलं. ताण्याचे धागे एकेक करून सुटले आणि माग मोकळा झाला. चादर खाली आली. चार पावलं, चार पाय, आणि कमरेच्या वर काही नाही. सुगुणानं ती घडी करून पोटाशी धरली आणि ती आत निघून गेली. यादगिरी रिकाम्या मागासमोर बसून राहिला. या वेळी त्याला कुठंही जायची घाई नव्हती.

तात्पर्य: राखणदार चुकून आपल्याच माणसाला अडवतो, तेव्हा त्याची चूक त्याला दाखवावी आणि आपलं माणूस शांतपणे सोडवून घ्यावं. रागाच्या भरात जो राखणदारालाच मोडतो, तो त्याच्या ताब्यातलं आपलं माणूसही आपल्याच हातानं गमावतो.