मामा पंच

सासरच्या मोरीत भरपूर पाण्याचा नळ असताना माझी शेवंताताई विहिरीवर कशाला गेली? हे मला कुणीच सांगितलं नाही. पाय घसरून बुडून मेली, असं फौजदारानं ठरवूनही टाकलं. फौजदार ताईच्या सासऱ्याचा सख्खा भाचा! मला घरात बसवेना. तपास दुसऱ्याकडे द्या म्हणून अधीक्षकसाहेबांकडे गेलो, तर ते म्हणाले, “नातं असलं म्हणून काय झालं? त्याची चूक दाखव.”

जत्रेच्या कुस्त्यांना तेच साहेब पाहुणे आले. माझी जोड त्यांच्या पोलीस पैलवानाशी लागली. मी पंचाकडून शिट्टी घेतली आणि “मामा, आज पंच तुम्ही,” असं मोठ्यानं म्हणत माझ्या मामाच्या हातात दिली.

साहेब ओरडले, “अरे, हा तर तुझा मामा! पंच बदला!”

“नातं असलं म्हणून काय झालं, साहेब? मामाची चूक दाखवा.”

“कुस्तीच्या आधी चूक कुठून दाखवू? घरच्या माणसाचा निकाल मानणार कोण?”

“मग ताईचा निकाल मी कसा मानू?”

हलगी थांबली. सगळा आखाडा साहेबांकडे बघत राहिला. तपास दुसऱ्या तालुक्याच्या अधिकाऱ्याकडे देतो, हे त्यांना तिथंच सांगावं लागलं.

नवे अधिकारी आले, तेव्हा मी त्यांना ताईच्या सासरी नेलं आणि मोरीतला नळ सोडला.