नाकारलेले घरटे

माळरानावरच्या गवतात एक मुनिया राहत असे. राहत असे म्हणायचे, कारण त्या वर्षी माळावर गवताची काडीही उरली नाही, आणि दाणा नाही तिथे पाखराने किती दिवस तग धरायचा? सगळी पाखरे तळ्याकाठच्या बाभळीकडे निघाली, तशी तीही निघाली. जाऊन पाहते तो काय, बाभळीवर बसायला फांदी मोकळी नाही. होले, साळुंक्या, चिमण्या, जिकडून तिकडून आलेली बिऱ्हाडे! उशिरा आलेल्यांनी खाली चिखलातल्या लव्हाळ्यांत संसार मांडले होते. मुनियेनेही तिथेच घरटे केले आणि तिची पहिली अंडी मुंगसाने फस्त केली. आता पुन्हा अंडी घालायचे दिवस भरत आले होते, आणि ती कुठे घालावीत हे बिचारीला सुचत नव्हते.

वर मात्र सुगरण पक्ष्यांची घरटी झुलत होती आणि मुलांनो, त्यांतली कितीतरी रिकामी होती. त्यांची रीतच तशी. नर घरटे अर्धे विणतो आणि मादीला दाखवतो. ती आत शिरून, काड्या ओढून नीट पारखते. पसंत पडले तर पुढचे विणकाम. नाही पडले तर ते तसेच सोडून नर शेजारी दुसरे विणायला घेतो. मुनियेने धीर करून एकेकाला विचारले, पण कुणी दाद दिली नाही. शेंड्यावर बसणारा कावळा बाभळीचा पुढारी. तो म्हणाला, "रिकामी असली म्हणून काय झालं? ज्याची त्याची आहेत. आज तुला दिलं, तर उद्या अख्खा माळ वर चढेल."

टोकाच्या फांदीवर एक नर आपलेच घरटे उसवत होता. तीन माद्या नाक मुरडून गेल्या होत्या आणि सोबत्यांनी चिडवून त्याचा जीव नकोसा केला होता. मुनिया त्याच्याजवळ जाऊन बसली.

"मोडू नका, दादा. मला द्या."

"त्यात काहीतरी खोट असणार. कुणालाच ते पसंत पडत नाही."

"मला कुठं मिरवायचंय? अंडी ठेवायची आहेत. मला चालेल."

नराने उसवलेली काडी परत घरट्यात खोवली. मग बाजूला सरकून म्हणाला, "याला हो म्हणणारी तू पहिलीच."

मुनियेने गवताचे मऊ तुरे आणून आत अंथरले, उघडी बाजू बुजवली आणि अंडी घातली. थोड्याच दिवसांत एका दुपारी वादळ सुटले. रिकामी, हलकी घरटी एकामागून एक तुटून तळ्यात पडली. मुनिया अंड्यांवर अंग पसरून बसली होती. फांदी गरगरत होती, पण नराने मारलेली एकही गाठ सुटली नाही. पुढे त्या घरट्यातून पिल्लांची चिवचिव ऐकू येऊ लागली. ती ऐकून एक सुगरण मादी थबकली आणि हे कुणी विणले म्हणून चौकशी करू लागली. त्याच नराचे दुसरे घरटे तिने फारसे न पारखताच पसंत केले. पहिले वादळात टिकले, ते तिने पाहिले होते.

पिल्ले उडाली, तशी मुनिया नराला भेटायला गेली. "तुमचे उपकार कसे फेडू, दादा?" तिने विचारले.

त्याने चोचीतली काडी खाली ठेवली. "फेडायचं तर मला आहे. तू राहिलीस, म्हणून माझं घर घर ठरलं."

मुनियेला हे नवीनच होते. बाभळीवर आल्यापासून आपली अडचणच होते एवढेच तिने ऐकले होते. हे पाहून त्या दिवसापासून इतर नरही नव्याने टाकलेली घरटी खालच्या पाखरांना देऊ लागले. कावळा गर्दीच्या नावाने कुरकुरत राहिला, आणि गर्दी वाढलीही. पण त्या हंगामात चिखलात अंडी घालायची वेळ कुणावर आली नाही.

तात्पर्य : रिकाम्या घराला घरपण येते ते आसऱ्याला आलेल्यांमुळे, म्हणून घेणाऱ्याने जितके उपकार मानावेत, तितकेच देणाऱ्यानेही मानावेत.