अर्ध्या गाण्याचा गडगा

फार फार पूर्वी, डोंगरांना माणसांनी अजून नावंसुद्धा दिली नव्हती, तेव्हाची ही गोष्ट. त्या काळी एका गावात दगड गात असत. हसू नका. आपल्या दारातल्या दगडाला तुम्ही कधी गायला सांगितलंय का?

त्या दगडांना एकेकच तोंड होतं. एकाने ओळ म्हणायची, शेजारच्याने पुढची उचलायची, अशी त्यांची गाण्याची रीत होती.

त्या गावात ठकू आणि गोजरा या दोन म्हाताऱ्या शेजारणी राहत. मैत्री अशी की एकीच्या चुलीवर आमटी उकळली की दुसरी वाटी घेऊन हजर. पण एका भोपळ्याने घात केला. वेल रुजला गोजराच्या परसात आणि भोपळा धरला ठकूच्या अंगणात.

"वेल माझा, भोपळा माझा," गोजरा म्हणाली.

"माझ्या दारात धरला तो माझा," ठकू म्हणाली.

भोपळा बिचारा भांडण ऐकत ऐकत तिथेच कुजला. भोपळा गेला तरी भांडण मात्र ताजंच राहिलं. शेवटी दोघींनी मध्ये गडगा घालायचं ठरवलं. गडगा म्हणजे चुना-माती न लावता नुसते दगड रचून केलेली भिंत.

गवंड्याने विचारलं, "दगडांची तोंडं कुणाकडे करू?"

"माझ्याकडे!" दोघी एकदम ओरडल्या.

गवंड्याने डोकं खाजवलं आणि एका दगडाचं तोंड इकडे, पुढच्याचं तिकडे असा गडगा रचून दिला. दुसरीला आपल्यापेक्षा जास्त मिळालं नाही, एवढ्यावरच दोघी खूश झाल्या.

संध्याकाळी दगड गाऊ लागले. ठकूला ऐकू आलं, "झोप आली गं..." मग नुसतंच घूं घूं आणि मग, "चिंचेखालून..." गोजराला ऐकू आलं, "कुठून आली?" मग घूं घूं आणि "हळूच आली."

"अर्धं तर अर्धं, पण माझं आहे," असं म्हणून दोघी आपापल्या घरात गेल्या.

पुढे गोजराची लेक तान्ह्या मुलीला घेऊन माहेरी आली. पाळणा अंगणात टांगला. गडगा म्हणाला, "कुठून आली?" बाळाने डोळे मोठे केले आणि पुढच्या ओळीची वाट पाहिली. ओळ काही येईना. बाळाने भोकाड पसरलं.

रोज तेच. बाळ झोपेना, दूध पिईना, दिवसेंदिवस सुकत चाललं. लेकीचे डोळे खोल गेले. गोजराने स्वतः गाऊन पाहिलं, तर बाळ दचकून आणखीच रडलं. पलीकडे ठकूच्या घशाखाली घास उतरेना.

शेवटी गोजरा गडग्यापुढे हात जोडून उभी राहिली. "दगडांनो, माझ्या नातीसाठी जरा इकडे वळा रे!"

सगळ्यांत थोरला दगड म्हणाला, "आजी, आम्हाला वळता आलं असतं, तर गवंड्याच्या हाती कशाला लागलो असतो? आमच्याजवळ गाणं पूर्ण आहे. तुम्हीच ते दोन बाजूंना बसून ऐकताय."

गोजरा काही बोलणार, इतक्यात पलीकडून खडखड ऐकू आली. पाहते तर ठकू गडग्याचे वरचे दगड उचलून बाजूला ठेवत होती.

"गोजरे, बघत काय बसलीस? पोर रडून रडून अर्धी झाली. तो मधला धोंडा ओढ. माझी कंबर धरलीय!"

"माझी काय मोकळी आहे?" गोजरा म्हणाली आणि रडता रडता हसली.

दोघींनी मिळून गडग्याला वाटेएवढं खिंडार पाडलं, वर आडवा बांबू टाकला आणि त्याला पाळणा टांगला. दगड गाऊ लागले. झोप आली गं, कुठून आली, चिंचेखालून, हळूच आली. बाळाने एक लांबलचक जांभई दिली आणि ते गाढ झोपलं. गडग्याला टेकून दोघी म्हाताऱ्याही झोपल्या आणि इतक्या घोरू लागल्या की दगडांना आवाज चढवावा लागला.

खिंडार पुन्हा कुणी बुजवलं नाही. पुढच्या वर्षी त्या कुजलेल्या भोपळ्याच्या बिया गडग्याच्या फटीत रुजल्या आणि नेमका खिंडारात एक भला मोठा भोपळा धरला. दोघींनी त्याचे घारगे केले आणि गवंड्यालाही बोलावलं.

"भोपळा कुणाचा होता, आजी?" थोरल्या दगडाने खोडकरपणे विचारलं.

दोघींची तोंडं घारग्यांनी भरलेली होती, त्यामुळे उत्तर मिळालं नाही.

म्हणून बाळांनो, आणि बाळांच्या आज्यांनो, एवढं ध्यानात ठेवा: आनंद तोडून वाटला तर प्रत्येकाला अर्धाच मिळतो, आणि एकत्र बसून घेतला तर प्रत्येकाला पुरता मिळतो.